एकदाच गुणायचं

खिडकीतून एक नळी आत आली आणि माझ्या केसांत अडकली. नळीच्या दुसऱ्या टोकाला, बाहेर शिडीवर, एक तरुण उभा होता.

"सॉरी... हवा मोजायची आहे."

"मग हवा मोजा. केस कशाला?"

त्याचे कान लाल झाले. मला तेवढं पुरलं.

आमचं पाळणाघर बसडेपोला अगदी लागून. आत्यानं ते उभं केलं, मी तिच्या हाताखाली. बसच्या धुरातला नायट्रोजन डायऑक्साइड मर्यादेबाहेर निघाला तर पाळणाघराला टाळं लागणार होतं, म्हणून तपासणीवाल्याशी गोड बोल, अशी आत्याची ताकीद होती. पण माझं गोड बोलणं सगळ्यांनाच गोड लागतं असं नाही.

नळी जोडून झाली, यंत्र सुरू झालं. पडद्यावर 'पीपीबी' असं काहीतरी उमटलं. म्हणजे काय, मी विचारलं. हवेच्या एक अब्ज रेणूंमध्ये या वायूचे किती, ते, असं तो म्हणाला. पण मर्यादा ठरते वजनात, एका घनमीटर हवेत किती मायक्रोग्रॅम अशी. म्हणून ऑफिसात त्या आकड्याला १.८८ नं गुणतात.

"म्हणजे जीव टांगणीला आमचा इथं आणि गुणाकार तुमच्या ऑफिसात?"

त्यानं माझ्याकडे पाहिलं, मग दोन बटणं दाबली. "आता थेट मायक्रोग्रॅमच दिसतील. मर्यादा ऐंशीची. रोज बघत जा... मी असताना बघितलंत तर समजावूनही सांगेन."

समजावण्यासारखं त्यात काही उरलं नव्हतं. तरी आठवडाभर, तो यंत्र बघायला आला की मीही जायचे. मुलं त्याला नळीकाका म्हणायला लागली. आकडा पन्नाशीच्या आसपास घुटमळायचा, आणि आम्ही यंत्राच्या आसपास.

मग यंत्र गेलं आणि अहवाल आला. सरासरी अठ्ठ्याण्णव. आत्या मुलांच्या छोट्या खुर्चीतच मटकन बसली. पालकांना काय सांगू, एवढंच म्हणत राहिली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी फोन लावला.

"रोज मला खोटं दाखवत होतात?"

पलीकडून हळूच प्रश्न आला, "तुम्ही बघत होतात तो आकडा... साधारण किती असायचा?"

"पन्नास. फार तर पंचावन्न."

"मग गुणलेलं पुन्हा गुणलं त्यांनी," तो म्हणाला. "मी एकक बदललं, ते ऑफिसात सांगायचंच राहिलं. चूक माझी. आत्ताच जाऊन सांगतो."

फोन बंद झाला. त्याची नोकरी नवी होती, त्याच्या मॅडम कडक होत्या, हे मला त्यानंच सांगितलं होतं. पाळणाघरासाठी आलेला राग कुठल्या कुठे गेला. मला त्याचीच काळजी वाटायला लागली, आणि नोकरी अशी पणाला लावली म्हणून त्याचाच फार राग आला.

दुपारी तो स्वतः दुरुस्त अहवाल घेऊन आला. बावन्न. आत्यानं डोळे पुसले आणि चहा टाकायला आत गेली. एरवी तिला चहाला इतका वेळ लागत नाही.

"मॅडम काय म्हणाल्या?"

"चांगलंच झापलं. मग विचारलं, एकक बदललंसच कशाला?"

"मग?"

"खरं सांगितलं..." कान पुन्हा लाल. "म्हटलं, तिनं रोज आकडा बघायला यावं म्हणून. मला ती आवडते."

"हे आधी मॅडमना सांगितलंत?"

"तुमच्यापेक्षा त्या कमी कडक आहेत."

किती दिवसांनी मी पोट धरून हसले. पाळणाघर राहिलं होतं, त्याची नोकरी राहिली होती, आणि तो समोर उभा होता. मला एकदम हलकं हलकं वाटलं.

आत्यानं चहा आणला, साखर घालूनच. मी गडबडीत त्याच्या कपात आणखी दोन चमचे घातले. त्यानं एक घोट घेतला, माझ्याकडे पाहिलं, आणि कप रिकामा केला.

"उद्या येऊ?"

"या," मी म्हटलं. "उद्या एकदाच घालीन."