खालची मेणबत्ती

"आज परत मेलो गं. सूप गरम ठेव."

बाबांचा तो आवाज अजून कानात आहे. शूटिंग संपवून आले की दारातूनच आईला सांगायचे. माझे बाबा स्वेतोलिक. बत्तीस सिनेमे केले, नायक एकदाही नाही. अर्ध्या सिनेमात गोळी खाऊन पडणारा पार्टिझान, म्हणजे जर्मनांशी लढणारा गनिमी सैनिक, ते बाबा.

हे खरं घडलंय. माझ्याच घरात.

ऑक्टोबर १९७१. द्रिना नदीकाठचं आमचं गाव. त्या दुपारी शूटिंगमध्ये बाबांना पुलावर गोळी लागून नदीत पडायचं होतं. बघायला सगळा गाव काठावर. मी सात वर्षांची, तापानं घरी.

संध्याकाळी बाबा आले.

केस कोरडे.

दारात थांबले... आणि बोललेच नाहीत.

आईनं थट्टा केली, "काय हो, आज वाचलात वाटतं?"

ते नुसते हसले.

त्या दिवसापासून आमचा कुत्रा त्यांच्या पायांशी घुटमळेना. पुढे बेलग्रेडला स्टुडिओत सिनेमाचे आवाज भरले. ऐकायला लावलं, तर सगळ्यांचे आवाज नीट. बाबांच्या जागी मात्र...

वाहतं पाणी.

यंत्राला शिव्या घालून दुसऱ्याच नटाचा आवाज घेतला.

बाबा मात्र मायाळूच. माझी वेणी घालायचे, आलुबुखार सोलून द्यायचे. बोटं तेवढी गार... नदीतल्या गोट्यांसारखी.

चार वर्षं अशीच गेली.

एका रविवारी सकाळी मी स्तामेंका आत्याबरोबर चर्चमध्ये गेले. बाबाही आले होते, पण ते आत यायचे नाहीत. बाहेर अक्रोडाखाली उभे राहिले.

आमच्याकडे जिवंतांसाठी मेणबत्ती वर लावतात, मेलेल्यांसाठी खाली, वाळूत.

आत्यानं बाबांचं नाव पुटपुटत मेणबत्ती लावली...

खाली.

"आत्या, चुकलीस. बाबा आहेत ना," म्हणत मी ती उपटली आणि वर लावली.

वारा नव्हता. तरी ज्योत विझली.

मी दारातून पाहिलं.

अक्रोडाखाली कुणीच नव्हतं. झाडाखालची जमीन तेवढी ओली...

बाबा पुन्हा दिसले नाहीत. कुठेच. आज मी साठीची आहे, तरी हात लावायला नको होता, असं वाटून दचकून उठते.

तेव्हा आत्यानं मला पोटाशी धरलं.

"तुझा बाप तुला हवा होता, म्हणून गप्प राहिले गं. सिनेमावाले म्हणाले, पलीकडच्या काठावर निघाला असेल. मी अंधार पडेस्तोवर काठावर होते, पोरी. तो नदीतून वर आलाच नाही. घरी आले, तर हा तुझ्या उशाशी बसलेला."